फातमा बेगम कुणाच्या?

गेल्या मार्चमधली गोष्ट. तालुक्याच्या गावातल्या एका महाविद्यालयात महिला दिनाच्या कार्यक्रमाला पाहुणा म्हणून गेलो होतो. माझ्या भाषणाआधी विद्यार्थ्यांची प्रश्नमंजूषा होती. त्यात एक प्रश्न आला, "भारतातली पहिली महिला चित्रपट दिग्दर्शक कोण?" एका गटाने सई परांजपेंचं नाव घेतलं, दुसऱ्याने अपर्णा सेन यांचं, तिसरा गट गप्प बसला. सूत्रसंचालन करणाऱ्या बाईंनी हातातल्या कागदावर पाहून उत्तर वाचलं, "फातमा बेगम." मागच्या रांगेतून एक पोरगा मोठ्याने म्हणाला, "म्हणजे पाकिस्तानची का?" सगळे हसले. बाईही थोड्या हसल्या आणि पुढच्या प्रश्नाकडे वळल्या.

त्या पोराचा मला राग आला नाही. फातमा नावाची बाई मुंबईची असू शकते, हे त्याला कुणी कधी सांगितलंच नसेल तर तो दुसरं काय म्हणणार? राग आला तो नंतर, आणि तो स्वतःचाच.

कार्यक्रम संपल्यावर एक मुलगी भेटायला आली. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाची, डोक्यावर ओढणी. म्हणाली, "सर, त्या बाई खरंच आपल्या होत्या का?"

मी विचारलं, "आपल्या म्हणजे?"

"म्हणजे मुसलमान."

"हो. मुसलमान आणि मुंबईतल्या."

ती जरा थांबली. मग म्हणाली, "मला पुण्याला जाऊन सिनेमा शिकायचाय. अम्मी म्हणते, आपल्यातल्या बायका असलं काही करत नाहीत. त्या बाईंनी काय काय केलं, सांगाल का? घरी सांगेन."

आणि माझ्याकडे सांगायला दोन वाक्यांपलीकडे काही नव्हतं. पहिल्या महिला दिग्दर्शक होत्या आणि जुबेदाच्या आई होत्या. संपलं. इतकी वर्षं मुस्लिम समाज, इतिहास, संस्कृती या विषयांवर लिहिणारा मी, आणि माझी मजल प्रश्नमंजूषेच्या चिठ्ठीपुढे गेलेली नव्हती. त्या मुलीला जे तिथेच सांगायला हवं होतं ते आता इथे लिहितो आहे. आणि ते मला सांगता का आलं नाही, याचा जाबही मागतो आहे. तो जाब सगळ्यांकडे मागायचा आहे, आपल्या लोकांकडे जरा जास्तच.

आधी माहिती. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. त्यात तारामतीचं काम अण्णा साळुंके नावाच्या पुरुषाने केलं, कारण कॅमेऱ्यासमोर उभी राहायला बाई मिळेना. फाळके वेश्यावस्तीपर्यंत जाऊन आले, तिथेही नकार मिळाला. शेवटी ग्रँट रोडच्या एका खानावळीत काम करणारा साळुंके त्यांना सापडला. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या, तरी दार उघडलं असं म्हणता येत नव्हतं. 'चांगल्या घरच्या' बायकांसाठी सिनेमा पुढे कितीतरी वर्षं निषिद्धच राहिला.

अशा काळात उर्दू रंगभूमीवर काम करणाऱ्या फातमा बेगम १९२२ मध्ये 'वीर अभिमन्यू' या मूकपटातून पडद्यावर आल्या. हा चित्रपट अर्देशिर इराणी यांच्या कंपनीचा. पुढे कोहिनूर फिल्म कंपनीसारख्या मुंबईतल्या मोठ्या कंपन्यांत त्यांनी कामं केली. चार वर्षांत त्यांचं नाव झालं. इथपर्यंतची गोष्ट एखाद्या यशस्वी नटीची वाटेल.

१९२६ मध्ये त्यांनी स्वतःची निर्मिती संस्था काढली. नाव ठेवलं फातमा फिल्म्स. त्या काळच्या कंपन्यांची नावं आठवून पाहा. कोहिनूर, इम्पीरियल, शारदा, कृष्णा, एक्सेलसिअर. रत्नांची, देवदेवतांची, साम्राज्याची नावं. त्यांच्या रांगेत एका बाईने, तेही मुसलमान बाईने, आपलं स्वतःचं नाव पाटीवर लावलं. या संस्थेचा पहिला मोठा चित्रपट 'बुलबुल-ए-परिस्तान', १९२६ चा. लेखन, दिग्दर्शन, निर्मिती सगळं त्यांचंच. परीकथेचा विषय, मोठा खर्च आणि कॅमेऱ्याच्या करामती, असं त्याचं वर्णन केलं जातं. १९२८ मध्ये कंपनीचं नाव व्हिक्टोरिया-फातमा फिल्म्स झालं. 'हीर रांझा' आणि 'चंद्रावली' १९२८ चे, 'शकुंतला', 'मिलन दिनार', 'कनकतारा' १९२९ चे. म्हणजे तीन-चार वर्षांत सात-आठ चित्रपट. हे चालू असताना पोटासाठी दुसऱ्यांच्या स्टुडिओत नटी म्हणूनही त्या काम करत होत्या. दिवसा दुसऱ्याच्या पगारावर उभं राहायचं आणि उरलेल्या वेळात आपली कंपनी चालवायची, असा हा मामला.

निर्माता होणं म्हणजे काय, हे आपण नीट समजून घेत नाही, म्हणून थोडं खोलात सांगतो. दिग्दर्शक म्हटलं की डोळ्यांपुढे कल्पना येते. निर्माता म्हटलं की फक्त पैसेवाला. पण १९२६ मधला स्वतंत्र निर्माता म्हणजे सगळा भार एकट्याच्या डोक्यावर. कोरी फिल्म परदेशातून यायची, ती रोखीने घ्यायची. कॅमेरा आणि कॅमेरामन जमवायचा. सेट उभारणारे सुतार, रंगारी, कपडे शिवणारे दर्जी, घोडे, घोडेवाले, पडद्यावरच्या पाट्या लिहिणारे, या सगळ्यांची मजुरी भागवायची. चित्रपट तयार झाला की १९२० पासून मुंबईत बसलेल्या सेन्सॉर मंडळासमोर न्यायचा. मग थिएटरवाल्याच्या दारात जायचं. आणि तो थिएटरवाला तर परदेशी, मुख्यतः अमेरिकन चित्रपट लावून बसलेला. ही अडचण इतकी मोठी होती की १९२७ मध्ये ब्रिटिश सरकारला टी. रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमावी लागली. म्हणजे भल्याभल्या शेठ लोकांना जड जाणारा हा धंदा होता. तो एका बाईने केला. ज्या बायका चार पुरुषांसमोर पैशाची बोलणी करू शकत नाहीत असं आजही मानलं जातं, त्यांच्यातल्या एका बाईने. कथा लिहिणं ही हिंमत आहेच. पण सुतारापासून थिएटरवाल्यापर्यंत सगळ्यांशी हिशेब करून तीच कथा पडद्यावर आणणं, ही त्याहून मोठी हिंमत आहे.

आता मला सांगा, या बाईंबद्दल कुठेही चार ओळी वाचायला घेतल्या तर पहिली ओळ कशाची असते? नवाबाची.

सुरतेजवळच्या सचीन संस्थानच्या नवाबाशी त्यांचं नातं होतं, म्हणे. त्या नवाबाच्या बेगम होत्या, म्हणे. मग पुढच्याच ओळीत येतं की या विवाहाचा कुठलाही करार किंवा नोंद नाही आणि नवाबाने मुलांना आपली म्हणून कधी मान्य केलं नाही. एवढं असूनही जो तो सुरुवात तिथूनच करतो. नवाबानंतर क्रम येतो गोऱ्या रंगाचा, कारण काळ्या-पांढऱ्या पडद्यावर तो खुलून दिसायचा म्हणे. त्यानंतर तीन मुली, सुलताना, जुबेदा, शहजादी. त्यातली जुबेदा १४ मार्च १९३१ ला गिरगावच्या मॅजेस्टिक थिएटरात लागलेल्या पहिल्या भारतीय बोलपटाची, 'आलम आरा'ची नायिका. हे सगळं संपलं की शेवटी एक वाक्य, त्यांनी चित्रपटही काढले.

कुणाची बायको, दिसायला कशी, कुणाची आई. आणि या सगळ्यानंतर, काय केलं. फाळक्यांबद्दल लिहिताना कुणी त्यांच्या नाकाडोळ्यांपासून सुरुवात करतं का? अर्देशिर इराणींचं घरगुती आयुष्य आपल्यापैकी कितीजणांना माहीत आहे? मला तरी नाही, आणि त्याची गरजही कधी वाटली नाही. त्यांचं काम पुरेसं आहे. मग फातमा बेगम यांना हा न्याय का नाही?

सचीनच्या नवाबांची गोष्ट खरं तर आपल्या कोकणातल्या वाचकांना जवळची वाटेल. हे घराणं जंजिऱ्याच्या सिद्दींचं. जंजिऱ्याच्या गादीच्या भांडणात एका वारसदाराने पेशव्यांशी १७९१ मध्ये करार केला, जंजिऱ्यावरचा हक्क सोडला आणि बदल्यात सुरतेजवळचा मुलूख घेतला. तेच सचीन संस्थान. इतिहास म्हणून हे मनोरंजक आहे. पण त्यात फातमा बेगम यांचं कर्तृत्व कुठे आहे? त्यांचं कर्तृत्व मुंबईच्या स्टुडिओंत आहे. ज्याने मुलांना नाव दिलं नाही, त्याचं नाव आपण मरणानंतरही त्यांच्या नावाला चिकटवून ठेवलं आहे. मुलांना नाव देणं राहू द्या, त्या बाईंनी स्वतःच्या कंपनीला स्वतःचं नाव दिलं होतं. तेवढं तरी आपण वाचायला हवं होतं.

आता सरकारी आणि सिनेमाच्या दुनियेकडे वळू. १९६९ पासून दादासाहेब फाळके पुरस्कार दिला जातो. पहिला मान देविका राणी यांना मिळाला, म्हणजे बायकांचा विसर पडला होता असं म्हणता येणार नाही. १९७३ चा पुरस्कार सुलोचना म्हणजे रुबी मायर्स यांना मिळाला. त्या मूकपटाच्या काळातल्या मोठ्या तारका, तेव्हा मूकपटाचा विसर पडला होता असंही म्हणता येणार नाही. फातमा बेगम १९८३ मध्ये गेल्या, नव्वदी ओलांडून. म्हणजे हा पुरस्कार सुरू झाल्यानंतर चौदा वर्षं त्या हयात होत्या. १९८१ मध्ये बोलपटाला पन्नास वर्षं झाली तेव्हाही त्या होत्या आणि त्यांची मुलगी, त्या पहिल्या बोलपटाची नायिका, तीही होती. १९८३ चा फाळके पुरस्कार गेला दुर्गाबाई खोटे यांना. दुर्गाबाईंच्या मोठेपणाबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. 'मी, दुर्गा खोटे' हे त्यांचं आत्मचरित्र मी दोनदा वाचलं आहे. चांगल्या घरातली बाई सिनेमात आली म्हणून केवढी खळबळ झाली, ते त्यात वाचायला मिळतं. पण मला नेहमी वाटतं, 'चांगल्या घरातल्या' बाईसाठी दार उघडलं तेव्हा टाळ्या वाजल्या. ते दार आधी ज्यांनी धक्के मारून ढिलं केलं होतं, त्या बायकांचं काय?

हा प्रश्न फक्त फातमा बेगम यांचा नाही. जद्दनबाईंना आपण काय म्हणून ओळखतो? नर्गिसची आई. १९३० च्या दशकात त्यांनी स्वतःची चित्रपटसंस्था काढली, दिग्दर्शन केलं, संगीत दिलं. 'तलाश-ए-हक', 'मॅडम फॅशन', 'हृदय मंथन' ही त्यांच्या कामाची नावं. इस्मत चुगताईंना लेखिका म्हणून सगळे ओळखतात, पण त्यांनी नवऱ्याच्या, शाहिद लतीफ यांच्या बरोबरीने चित्रपट काढले, हे किती जणांना माहीत असतं? मुसलमान बाई सिनेमाच्या इतिहासात आई म्हणून, बायको म्हणून, सौंदर्य म्हणून चालते. मालक म्हणून ती आपल्या पचनी पडत नाही.

मराठी माणसाने फाळक्यांवर 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' केला, २००९ मध्ये. सुंदर चित्रपट. त्यामुळे सरस्वतीबाई फाळके यांचे कष्टही लोकांना दिसले. त्याचा मला आनंद आहे. पण मराठी चित्रपटसृष्टीच्या इतिहासात मुंबईच्या उर्दू-गुजराती बोलणाऱ्या सिनेमावाल्यांना आपण पाहुणे समजतो. मूकपटाला भाषा नव्हती. पाट्या गुजरातीत, उर्दूत, इंग्रजीत, मराठीत असायच्या. तो सिनेमा या शहराचा होता. दादरचा जितका, तितकाच नागपाड्याचा. ज्या शहराचा इतिहास आपण आपला म्हणतो, त्यातल्या माणसांची मात्र धर्माप्रमाणे वाटणी करतो, याला काय म्हणायचं?

आता आपल्याकडे येतो. इथे मला जास्त कठोर बोलायचं आहे, कारण परक्यांच्या विसराळूपणावर बोट ठेवणं सोपं असतं.

आपण दिलीपकुमार आपले म्हणतो. मधुबाला आपली म्हणतो. रफीसाहेबांचं नाव काढलं की छाती फुगते. पण फातमा बेगम यांचं नाव काढलं की मोहल्ल्यातली वडीलधारी माणसं मान खाली घालतात. का? तर नाटकातली बाई. निकाहाचा पुरावा नाही. मुलींनाही पडद्यावर उभं केलं. मागे एका बैठकीत मी हा विषय काढला तेव्हा एक जाणते गृहस्थ म्हणाले, "सर, मिसालच द्यायची तर दुसऱ्या कुणाची द्या ना. ही मिसाल आपल्या मुलींना नको."

मी त्यांना विचारलं, मग कुणाची देऊ? शासनकर्त्या रझिया सुलतान, चांदबिबी यांची देतोच. पण त्या राजघराण्यातल्या. त्यांच्यासारखं व्हायला आधी राजवाड्यात जन्म घ्यावा लागतो. हाताशी काही नसताना स्वतःच्या कष्टावर धंदा उभा करणाऱ्या बाईची मिसाल आपल्याकडे हवी की नको? नटीवर बोट ठेवणारे हेच लोक शुक्रवारी संध्याकाळी घरात तोच सिनेमा पाहतात, हे सगळ्यांना माहीत आहे. सिनेमा बघणं चालतं, सिनेमातल्या पैशाने बांधलेल्या इमारतीत राहणं चालतं, नटाच्या लग्नाच्या बातम्या चालतात. फक्त सिनेमा करणारी बाई चालत नाही. मग हा प्रश्न हलाल-हरामचा राहत नाही, तो बाईच्या हातात कारभार असण्याचा होतो.

ज्यांना सिनेमा मुळातच नामंजूर आहे, त्यांच्याशी माझं भांडण नाही. ते निदान सगळ्यांना एकच माप लावतात. माझं भांडण दोन मापं ठेवणाऱ्यांशी आहे.

दुसरा आक्षेप तरुण मुलं घेतात. "सर, त्यांनी मुसलमानांसाठी काय केलं? 'शकुंतला' आणि 'चंद्रावली'च काढले ना?" हा आक्षेप ऐकला की मला खरंच वाईट वाटतं. उलट हेच तर पाहण्यासारखं आहे. एकीकडे परिस्तानची बुलबुल, दुसरीकडे पंजाबातली हीर, तिसरीकडे कण्वाच्या आश्रमातली शकुंतला. फातमा नावाची बाई या सगळ्या कथा आपल्या समजून पडद्यावर आणत होती. १९२९ च्या फेब्रुवारीत मुंबईत हिंदू-मुसलमानांची मोठी दंगल झाली. त्याच वर्षी फातमा बेगम यांच्या कंपनीची 'शकुंतला' आली. आज एखादी मुसलमान बाई शकुंतलेवर चित्रपट काढायला निघाली तर दोन्हीकडून दगड येतील. तिकडचे म्हणतील, आमच्या कथेला हात लावू नका. इकडचे म्हणतील, तुला दुसरा विषय मिळाला नाही का? शंभर वर्षांत आपण पुढे गेलो की मागे, ते तुम्हीच ठरवा.

फातमा बेगम यांचे चित्रपट चांगले होते का, असंही मला कुणी विचारेल. सांगता येत नाही. त्यांचा एकही चित्रपट आज पाहायला मिळत नाही. भारतात तेराशेच्या वर मूकपट झाले, त्यातले तीससुद्धा धड उरलेले नाहीत. 'आलम आरा'चीही प्रत नाही. म्हणजे हा तोटा एकट्या फातमा बेगम यांचा नाही. पण फाळक्यांचे चित्रपट शोधायला माणसं फिरली, पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायर यांच्यासारख्यांनी आयुष्य घातलं, म्हणून फाळक्यांचं थोडंफार हाती लागलं. शोधायला माणूस लागतो, आणि माणूस निघायला आधी ते आपलं वाटावं लागतं. फातमा बेगम आपल्या आहेत असं कुणालाच वाटलं नाही. मराठीवाल्यांना त्या मुसलमान वाटल्या, मुसलमानांना त्या नाटकवाल्या वाटल्या, सिनेमावाल्यांना त्या जुबेदाची आई वाटल्या.

इथे मला दुसऱ्या एका फातिमाची आठवण येते. २०२५ च्या जानेवारीत समाजमाध्यमांवर दावा झाला की सावित्रीबाईंच्या सहकारी फातिमा शेख ही व्यक्तीच नव्हती. आपण सगळे चवताळून उठलो. सावित्रीबाईंच्या १८५६ च्या पत्रातला फातिमाचा उल्लेख पुन्हा पुन्हा दाखवला. तेव्हा लिहिणं गरजेचं होतं, मीही लिहिलं. पण त्या गदारोळातून एक गोष्ट शिकायला हवी होती. ज्यांच्याबद्दल कागद कमी आहेत, त्यांच्याबद्दल आपण आधी काम करत नाही आणि कुणी बोट ठेवलं की मग धावाधाव करतो. फातमा बेगम यांच्याबद्दल तर नुसता उल्लेख नाही, चित्रपटांची नावं आहेत, सालं आहेत, कंपनीचं नाव आहे. वीरचंद धरमशी यांच्यासारख्या अभ्यासकाने मूकपटांची सूची तयार केली, आशिष राजाध्यक्ष आणि पॉल विलेमेन यांच्या कोशात या काळाची नोंद आहे. एका फातिमाचे पुरावे कमी म्हणून भांडण आणि दुसरीचे पुरावे असून शांतता. भांडायला आपण तयार असतो, वाचायला नसतो.

फ्रान्समध्ये ॲलिस गी नावाच्या बाई होत्या. १८९६ पासून चित्रपट करत होत्या. त्यांचंही काम पुरुषांच्या नावावर टाकलं गेलं. त्यांनी म्हातारपणी स्वतः आपल्या चित्रपटांच्या याद्या केल्या, आठवणी लिहिल्या. त्या आठवणी छापून आल्या त्यांच्या मृत्यूनंतर, १९७६ मध्ये. पण आल्या, आणि त्यानंतर तिथल्या अभ्यासकांनी त्यांचे चित्रपट शोधून काढले. फातमा बेगम यांच्या हाताशी आठवणी लिहून घेणारं कुणी नव्हतं. मुंबईसारख्या शहरात, जिथे रोज डझनभर वर्तमानपत्रं निघतात.

मग करायचं काय? नुसती ओरड करून मोकळं व्हायचं नाही, म्हणून तीन गोष्टी सांगतो.

पहिली गोष्ट, शोध. त्या काळात जाहिराती छापल्या जात होत्या. 'बॉम्बे क्रॉनिकल'ची पानं आहेत, ज्याचे संपादक तेव्हा सय्यद अब्दुल्ला ब्रेलवी होते. 'मौज मजाह'सारखी गुजराती चित्रपट-नियतकालिकं आहेत. सेन्सॉर मंडळाच्या याद्या आहेत. रंगाचारियार समितीपुढच्या साक्षींचे खंड आहेत. अंजुमन-ए-इस्लामच्या करीमी लायब्ररीसारख्या ठिकाणी जुनी उर्दू कागदपत्रं आहेत. उर्दू वाचता येणारी आणि मराठीत लिहिणारी पोरं आपल्याकडे आहेत. हे काम त्यांचं आहे. दुसरं कुणी येऊन करणार नाही. पीएच.डी.साठी त्याच त्या विषयांवर कागद काळे करण्यापेक्षा एखाद्याने फातमा फिल्म्सच्या जाहिराती जमवल्या तर समाजावर उपकार होतील.

दुसरी गोष्ट, शिष्यवृत्ती. आपल्या जमाती आणि ट्रस्ट दरवर्षी मुलांना मदत करतात. मेडिकल, इंजिनिअरिंग, फार्मसी, हल्ली स्पर्धा परीक्षा. चांगलंच आहे. त्या यादीत चित्रपटाचं, लेखनाचं, कॅमेऱ्याचं शिक्षण का नाही? पुण्यात प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६० पासून देशाची चित्रपट संस्था उभी आहे. मुस्लिमांची पडद्यावरची प्रतिमा वाईट दाखवतात म्हणून आपण दर सहा महिन्यांनी निवेदनं देतो. टोपी, सुरमा, बॉम्ब, तलाक. निवेदन देणारे हजार आणि कॅमेऱ्यामागे उभे राहणारे चार. दुसऱ्याने आपली गोष्ट नीट सांगावी म्हणून हात जोडायचे आणि आपल्या मुलीने ती सांगायची म्हटलं की दाराला कडी. हा दुटप्पीपणा आता पुरे.

तिसरी गोष्ट, उल्लेखाची पद्धत. यापुढे फातमा बेगम यांच्याबद्दल लिहाल, बोलाल, महिला दिनाला फोटो फिरवाल, तेव्हा सुरुवात नवाबापासून करू नका. '१९२६ मध्ये स्वतःची चित्रपट कंपनी काढणाऱ्या लेखिका, निर्मात्या आणि दिग्दर्शक' असं लिहा. बाकीचं नंतर येऊ द्या, किंवा नाही आलं तरी चालेल. आणि 'पहिली' या शब्दावरही फार विसंबू नका. उद्या कुणी जुना कागद काढून त्यांच्या आधीचं एखादं नाव शोधलं तर मी आनंदाने मान्य करीन. पहिल्या नसल्या तरी त्यांनी केलेलं काम काही कमी होत नाही. पुतळ्याची मागणी माझी नाही. पुतळे आपल्याकडे पुष्कळ आहेत आणि त्यांच्याखाली बसून लोक वेळ घालवतात.

हा लेख मी त्या मुलीला पाठवणार आहे. तिने कार्यक्रमानंतर नंबर लिहून दिला होता, आणि इतके महिने मी काहीच पाठवलं नाही, याची मला लाज वाटते. तिला सांगायचं आहे, बेटा, अम्मीला वाचून दाखव. अम्मी चुकीच्या नाहीत, त्यांना जेवढं सांगितलं गेलं तेवढंच त्या म्हणाल्या. पण "आपल्यातल्या बायका असलं काही करत नाहीत" हे खरं नाही. आपल्यातल्या एका बाईने हे शंभर वर्षांपूर्वी करून दाखवलं आणि आपण ते विसरून गेलो. चूक विसरणाऱ्यांची आहे. आणि अम्मी अजूनही नाही म्हणाल्या तर मला फोन कर. मी घरी येऊन बोलेन. एका घरात जाऊन बोलणं एवढं तरी माझ्या हातात आहे.